उशाशी आलेल्या वस्तूंचा बोजा

प्रश्न असा आहे: "मी एक फँटसी कादंबरी लिहितो आहे. त्या जगात माणसाला रात्री पडलेलं स्वप्न सकाळी वस्तू होऊन उशाशी सापडतं. दिवा, किल्ली, सुरी, काहीही. लोक त्या वस्तू वापरतात, विकतात, चोरतात. कल्पना ऐकणाऱ्या सगळ्यांना आवडते. पण शंभरेक पानं झाल्यावर वाटायला लागलंय की इथे काहीही होऊ शकतं, म्हणून कशाचंच काही वाटत नाही. नियम हवेत हे कळतं. ते ठरवायचे कसे?"

आधी जमाखर्च मांडा, नियम त्यातूनच निघतील. तुमच्या जगात रोज सकाळी हजारो नव्या वस्तू येतात आणि त्यांच्यासाठी कुणी काहीच मोजत नाही. वाचकाला काही वाटेनासं होतं ते यामुळे. दिवाळी अंकांसाठी येणाऱ्या अद्भुतकथा मी बरीच वर्षं वाचतोय, निवडतोय, दुरुस्त करतोय. स्वप्नांच्या वस्तू होतात ही कल्पना अधूनमधून कुणीतरी पाठवतंच. बहुतेक गोष्टींत स्वप्नांचं दुकान असतं, काचेच्या बरण्या असतात आणि गल्ल्यावर एक गूढ म्हातारा असतो. तो म्हातारा आता मला बघवत नाही. त्याच्याकडे माल कुठून येतो आणि तो आणताना कुणाचं काय गेलं, हे लेखकालाच माहीत नसतं, मग म्हाताऱ्याला कुठून असणार?

आपल्याकडच्या गोष्टींत स्वप्नातून जागेपणी काय काय आलं ते बघा. कीर्तनात सांगतात त्या गोष्टीत हरिश्चंद्र स्वप्नात विश्वामित्राला राज्य देतो आणि सकाळी विश्वामित्र दारात हजर होतो. स्वप्नातलं दान म्हणून राजा हसून सोडून देत नाही. राज्य जातं, वर दक्षिणा उरते, ती फेडायला काशीत बायको-मुलगा विकावे लागतात आणि राजा स्वतः स्मशानात चाकरीला लागतो. बाणासुराच्या मुलीच्या, उषेच्या, स्वप्नात एक तरुण येतो. नाव माहीत नाही, गाव माहीत नाही. सखी चित्रलेखा एकेक चेहरा चितारून दाखवते, अनिरुद्धाच्या चित्रापाशी ओळख पटते, आणि ती त्याला द्वारकेहून झोपेतच उचलून शोणितपुरात आणते. पुढे नागपाश, कृष्णाची स्वारी, बाणाचे तुटलेले हात. एकनाथांच्या स्वप्नात ज्ञानदेव येऊन सांगतात की अजानवृक्षाची मुळी गळ्याला लागली आहे, आळंदीला येऊन ती काढ. नाथ जातात, समाधी शोधतात, मुळी काढतात. तुकोबांच्या स्वप्नात नामदेव पांडुरंगाला घेऊन येतात आणि काम सांगतात, कवित्व कर. नुसतं सांगून थांबत नाहीत, शतकोटीतले उरलेले अभंग पुरे कर असा आकडाही देतात. त्याच तुकोबांच्या गुरूपदेशाच्या स्वप्नात गुरू जेवणासाठी पावशेर तूप मागतात, आणि ते द्यायचं राहून गेलं याची खंत अभंगात उतरली आहे.

या सगळ्यांत स्वप्नाने काहीतरी दिलं असं वरवर वाटतं. नीट पाहिलं तर मागितलं आहे. राज्य मागितलं, कष्ट मागितले, अभंग मागितले, तूप मागितलं. तुमच्या जगाचा पाया मी इथे घालेन: उशाशी आलेल्या प्रत्येक वस्तूबरोबर एक मागणी येते आणि ती फेडेपर्यंत वस्तू पुरती तुमची होत नाही. जमिनीच्या सातबाऱ्यावर इतर हक्कांच्या रकान्यात बोजा चढलेला असतो ना, तसा. बाहेरून जमीन झकास दिसते, पण घेणारा शहाणा असेल तर तो रकाना आधी वाचतो.

हे एकदा धरलंत की बाजार आपोआप उभा राहतो. बोजा उतरलेली वस्तू महाग. बोजा असलेली स्वस्त, आणि तीही दुसऱ्या गावी नेऊन विकायची. मागणी वस्तूबरोबर घेणाऱ्याकडे जाते, की जिला स्वप्न पडलं तिच्याच मानेवर राहते, हा तुमच्या जगातला सगळ्यात मोठा वाद असू द्या. वेगवेगळ्या गावांत त्याचं उत्तर वेगळं असलं तर फारच छान, कारण मग व्यापारी सीमेवरून फायदा काढतील. आणि चित्रलेखेला विसरू नका. उषेला स्वप्न पडलं, पण ते प्रत्यक्षात आणणारी कारागीर दुसरीच होती. स्वप्न पाहणारा आणि वस्तू घडवणारा वेगळे केलेत तर एक अख्खा धंदा मिळतो. त्या धंद्यात मजुरी आहे, उधारी आहे, आणि "मी सांगितलं तसं झालेलं नाही" म्हणून होणारी भांडणंही आहेत.

आता माल कुठून येतो ते. बृहदारण्यक उपनिषदात चौथ्या अध्यायात स्वप्नाचं वर्णन आहे. तिथे रथ नसतात, घोडे नसतात, रस्ते नसतात, आणि तरी स्वप्न पाहणारा रथ, घोडे, रस्ते निर्माण करतो. हे वाक्य पुष्कळांना ठाऊक असतं. मला त्याच्या लगेच आधीचं जास्त उपयोगी वाटतं. झोपणारा या सर्व असलेल्या जगाची एक मात्रा, म्हणजे थोडासा अंश, सोबत घेतो, ती स्वतः मोडतो आणि स्वतः घडवतो. म्हणजे कच्चा माल इथलाच. पुढे ब्रह्मसूत्रांवर भाष्य लिहिताना शंकराचार्य स्वप्नातल्या रथाला जे प्रश्न विचारतात, ते कुठल्याही कडक संपादकाने विचारावेत असे आहेत. एवढ्याशा देहात रथाला जागा कुठून मिळणार? क्षणात रथ घडवायला लाकूड कुठून आणलं? कुरुदेशात झोपलेला स्वप्नात पांचालांत गेला असेल तर जागा तिथेच व्हायला हवा होता, मग इथे कसा झाला? त्यांना यातून स्वप्नसृष्टी ही माया आहे हे सिद्ध करायचं होतं. तुम्हाला ती खरी करायची आहे, म्हणून प्रत्येक प्रश्नाला तुमच्याकडे उत्तर लागेल.

लाकडाचं उत्तर मी असं देईन: स्वप्न पाहणाऱ्याच्या घरातून तेवढं काहीतरी कमी होतं. तांब्याचा कलश उशाशी आला, तर महिनाभराने स्वयंपाकघरातल्या भांड्यांचे तळ पातळ झालेले असतात. श्रीमंताच्या घरात हे कळतही नाही. आणि ज्या घरात लोखंडच नाही तिथे सुरीचं स्वप्न पडलं तर? प्रौढ माणसाच्या शरीरात तीन-चार ग्रॅम लोखंड असतं, बहुतेक रक्तात. त्यातून पात्याचा एक पापुद्रा निघेल आणि सकाळी ती बाई उठताना चक्कर येऊन बसेल. तुमच्या कादंबरीत सुऱ्या आहेत असं लिहिलंत. प्रत्येक सुरीमागे एखादी फिकट पडलेली बाई आहे हे कळल्यावर वाचक सुरीकडे आधीसारखा बघणार नाही.

कोणती स्वप्नं वस्तू होतात हे ठरवण्याचं निम्मं काम चरकाने करून ठेवलेलं आहे. चरकसंहितेच्या इंद्रियस्थानात, पाचव्या अध्यायात, स्वप्नांचे सात प्रकार येतात. तिथे हेतू वैद्याचा आहे, रोग्याचं पुढे काय होणार याची लक्षणं वाचायची आहेत. पाहिलेलं, ऐकलेलं, अनुभवलेलं, मागितलेलं, कल्पिलेलं, पुढचं सुचवणारं आणि दोषांमुळे पडणारं, असे ते सात. यांतले पहिले पाच निष्फळ समजावेत असं चरक सांगतो. दिवसा पडलेलं, फार छोटं आणि फार लांबलेलं स्वप्नही निष्फळ. रात्रीच्या सुरुवातीच्या स्वप्नाचं फळ थोडं. जे पाहून माणूस पुन्हा झोपत नाही, त्याचं फळ लगेच आणि मोठं. आणि अशुभ स्वप्नानंतर त्याच रात्री पुन्हा शुभ पडलं तर शुभाचंच फळ धरायचं.

इतकी नेटकी नियमावली आयती मिळत असताना तुम्ही नवी कशाला रचता? त्यातला चौथा प्रकार विशेष बघा. मागितलेलं निष्फळ. ज्याची इच्छा धरून माणूस झोपतो ते उशाशी येणारच नाही. या एका कलमाने तुमची "काहीही होऊ शकतं" ही तक्रार निम्मी संपते. नायिकेला औषध हवंय, ती औषधाचाच विचार करत झोपते, आणि नेमकं म्हणूनच ते येत नाही. तिला दुसऱ्या कुणावर तरी विसंबावं लागेल, अशा कुणावर, ज्याला त्या औषधाची काही पडलेली नाही. झाली गोष्ट सुरू. श्रीमंत लोक मग बेफिकीर माणसं पगारावर ठेवतील, आणि पगार मिळायला लागला की ती माणसं बेफिकीर राहणार नाहीत.

पुन्हा न झोपण्याच्या कलमातून वेगळीच मौज निघते. चांगली वस्तू टिकवायची तर उरलेली रात्र जागून काढायची. म्हणजे ज्या घरात भरपूर चांगली स्वप्नं पडतात तिथली माणसं कायम पेंगुळलेली, चिडकी, आणि सकाळी व्यवहारात सहज फसणारी. दलाल पहाटेच येणार, हे उघड आहे.

पहाटेबद्दल थोडं झोपेच्या शास्त्रातलं. १९५३ मध्ये शिकागोत अ‍ॅसेरिन्स्की आणि क्लाइटमन यांनी झोपेत डोळ्यांची जलद हालचाल होण्याचे टप्पे नोंदवले. ठळक, गोष्टीसारखी स्वप्नं जास्त करून या टप्प्यांत पडतात. साधारण दीड तासाचं एक चक्र असतं, आणि रात्र सरत जाते तसा हा टप्पा लांबत जातो. पहाटेची स्वप्नं खरी होतात असं आपल्या आज्या म्हणत, त्याला निदान एवढा आधार आहे की लांब आणि लक्षात राहणारी स्वप्नं खरोखरच पहाटेकडे जास्त पडतात. आता विचार करा, पहाटे कोण झोपलेलं असतं? बीडहून आलेली ऊसतोड जोडपी अंधारातच फडात उतरतात. रात्रपाळीचे वॉचमन, नर्स, दूधवाले जागे असतात आणि दिवसा झोपतात. चरकाच्या कलमाप्रमाणे दिवसाचं स्वप्न निष्फळ. म्हणजे तुमच्या जगात अशा वेळी राबणाऱ्या गरिबाला उशाशी फारसं काही मिळत नाही, तो इतरांच्या वस्तू वाहून नेतो. हे तुम्हाला भाषण करून सांगावं लागणार नाही, वेळापत्रकातच आहे. गिरणगावात एकेका खोलीत माणसं पाळीपाळीने झोपत. पहिली पाळी उठून गेली की त्याच जागेवर दुसरी आडवी व्हायची. तशी एक खोली लिहा. उशाशी पडलेली वस्तू कुणाच्या स्वप्नातली? आधीच्याची, की आत्ता उठलेल्याची? आणि घरमालक म्हणेल, भाड्यात स्वप्नं धरलेलीच नव्हती, सबब ती माझी.

तान्ह्या बाळांचं काय करायचं तेही ठरवून ठेवा, कुणीतरी वाचक विचारेलच. नवजात बाळ दिवसाचे सोळाएक तास झोपतं आणि त्यातली जवळपास निम्मी झोप डोळ्यांच्या जलद हालचालीची असते. पाळण्याभोवती नाव नसलेल्या वस्तूंचा ढीग पडायला हवा. उबेचा एक गोळा, नुसता एक आवाज. मला वाटतं सुईणी तो वेचून नेत असतील. कुत्र्या-मांजरांच्या झोपेतही हे टप्पे असतात, पण त्या वाटेला सध्या जाऊ नका. कादंबरी हातातून जाईल.

वस्तू दिसायला कशा असतील, यावर मात्र वेळ घालवा. बहुतेक लेखक इथे "धूसर, चमकती, जणू धुक्याची" असं लिहून मोकळे होतात. स्वप्न पाहणाऱ्याच्या इंद्रियांचं जे भांडवल आहे, तेवढ्यातूनच वस्तू बनेल. जन्मापासून दृष्टी नसलेल्या माणसांच्या स्वप्नांत आवाज, स्पर्श, वास, चव असते, दृश्य नसतं. अशा बाईने दिव्याचं स्वप्न पाहिलं तर सकाळी मिळणारा दिवा तापेल, तेलाचा वास देईल, वात तडतडेल, पण उजेड पडणार नाही. डोळस गिऱ्हाईक तो परत करेल. तिचं लुगडं मात्र बाजारात सगळ्यात चढ्या भावाने जाईल, कारण सुताचा पोत आणि काठाची जाडी इतकी अचूक दुसऱ्या कुणाच्या वस्तूत नसते. रंग कुठला, हे सांगता येणार नाही. डोळस माणसाच्या वस्तूत उलटी खोट. समोरून देखणी, पण उचलून पालथी केली तर खाली काहीच नाही, कारण स्वप्नात भांड्याचा तळ कुणी बघत नाही. पारखी असाल तर वस्तू आधी उलटी कराल. ज्यांचं लहानपण कृष्णधवल पडद्यासमोर गेलं, त्यांना रंग नसलेली स्वप्नं अधिक पडतात असं अभ्यासांत दिसलेलं आहे. आपल्याकडे दूरदर्शन १९८२ मध्ये रंगीत झालं. तुमचं जग आपल्या जगाशेजारचं असेल, तर एका पिढीच्या वस्तू राखाडी असतील आणि त्यांची नातवंडं त्यांना नाकं मुरडतील.

अक्षरांचं वेगळं. स्वप्नातला मजकूर टिकत नाही, नजर वळवून परत पाहिलं की बदललेला असतो. स्वप्नात असताना आपण स्वप्नात आहोत हे ओळखण्याचा सराव करणारे लोक हीच खूण वापरतात. म्हणून उशाशी आलेल्या कागदाला दस्त म्हणून किंमत नाही आणि नाण्याला चलन म्हणून नाही, दर वेळी छाप वेगळा दिसणार. सोनं स्वप्नात पाहून सगळे श्रीमंत का होत नाहीत, हा पुढे येणारा प्रश्न इथेच मिटतो. जागेपणी लिहून ठेवलेलंही भरवशाचं नसतं. ऑटो लोवी या शास्त्रज्ञाला १९२० मध्ये मज्जातंतूंच्या प्रयोगाची कल्पना स्वप्नात सुचली. त्याने अर्धवट झोपेत टिपून ठेवली आणि सकाळी स्वतःचंच अक्षर त्याला लागेना. पुढच्या रात्री तेच स्वप्न पुन्हा पडलं, तेव्हा तो उठून थेट प्रयोगशाळेत गेला आणि बेडकांच्या हृदयांवर प्रयोग केला. १९३६ चं नोबेल त्याला या कामासाठी मिळालं. तुमच्या जगात दुसरी रात्र प्रत्येकाच्या नशिबी नसणार. पहिल्या रात्रीचा न लागणारा कागद घेऊन हिंडणारी माणसं तिथे पुष्कळ असतील, आणि अक्षर लावून देतो म्हणणारे भोंदूही.

किल्लीबद्दल एकच गोष्ट. स्वप्नातली किल्ली स्वप्नातल्या कुलपाची असते. ती जागेपणीच्या कुठल्याही कुलपाला लागली तर ती जादूची कांडी झाली. ते कुलूप दुसऱ्या कुणाच्या तरी उशाशी आलेलं असू द्या, शक्यतो अशा माणसाच्या, ज्याच्याशी तुमच्या नायिकेचं बोलणं बंद आहे.

सुरीचा कायदाही आत्ताच ठरवा, कारण सुरी आली की खून येतोच. एकाला स्वप्न पडलं, दुसऱ्याने सुरी चोरली, तिसरा मेला. हरिश्चंद्राच्या न्यायाने स्वप्न पाहणाराही सुटत नाही. वापरणारा तर नाहीच. बोजा विक्रीबरोबर जातो असं ज्या गावात मानतात, तिथे चोरीबरोबर जातो का? मी पंचायतीचा हा प्रसंग कादंबरीच्या मधोमध ठेवेन आणि निकाल सर्वांना मान्य होईल असा लावणार नाही. बाजार लिहिण्याआधी पुण्याच्या जुन्या बाजारात एक सकाळ घालवा. तिथे विकणाऱ्यालाही कधी कधी हातातला सुटा भाग कशाचा आहे हे माहीत नसतं. तो तुमच्या डोळ्यांकडे बघून भाव सांगतो. बोजा असलेला माल असाच विकला जाईल.

वस्तू व्हायला लागल्या कशामुळे, कुठल्या शापाने किंवा धूमकेतूने, हे तुम्ही विचारलेलं नाही आणि मीही सांगणार नाही. तिथल्या लोकांना ते माहीत असायचं कारण नाही. दोन-तीन परस्परविरोधी दंतकथा पुरेत, एखादी आजीच्या तोंडी, एखादी भाव पाडून मागणाऱ्या दलालाच्या. लिहिलेली शंभर पानं फाडू नका. त्यांत जिथे जिथे वस्तू येते तिथे समासात दोनच गोष्टी लिहा, ती कशातून बनली आणि तिने काय मागितलं. ज्या वस्तूपुढे दोन्ही रकाने कोरे राहतील ती काढून टाका. तुमच्या शंभर पानांतून निम्म्या जातील असा माझा अंदाज आहे, आणि दिवा बहुधा राहील.